झटका यावा म्हणून केलेली प्रार्थना

त्या वर्षी नवरात्रानंतर मी देवीपुढे दिवा लावणं बंद केलं. रागानं नव्हे, रागाला तरी अंगात बळ लागतं. देव्हाऱ्यासमोर उभी राहिले की मागावं काय हेच सुचेना. माहूरची रेणुका आमची कुलदेवता. माझं माहेर आणि सासर दोन्ही यवतमाळकडचं, त्यामुळे लहानपणापासून ठेच लागली तरी तोंडातून ‘माय’ निघायचं ते तिच्याच नावानं. पण गेली काही वर्षं मी रोज एकच मागणं मागत होते, की आज झटका येऊ देऊ नकोस, आणि झटके येतच होते. तेव्हा एक तर ती ऐकत नव्हती, नाहीतर नव्हतीच. दोन्हींपैकी काय खरं, याचा विचार करण्याचीही ताकद माझ्यात उरली नव्हती.

लग्नानंतर आम्ही पुण्यात आलो, बिबवेवाडीत घर घेतलं. हे एका कारखान्यात होते आणि मी हिंजवडीच्या एका कंपनीत सॉफ्टवेअर तपासण्याचं काम करायचे. तेव्हा तिथल्या निम्म्या इमारती बांधून व्हायच्या होत्या, कंपनीच्या बसमधून उतरलं की चपला लाल मातीनं भरायच्या. पहिलं गरोदरपण मी ती नोकरी करतच निभावत होते. सातव्या महिन्यात बाळाची हालचाल थांबली. मुलगी होती. दवाखान्यात नर्सनं विचारलं, “बघायचंय का?” आणि मी काही बोलायच्या आत कुणीतरी माझ्या वतीनं “नको, नको” म्हणालं. कुणी, ते आता आठवत नाही. मी तिला पाहिलं नाही. सुट्टी संपली तशी कामावर रुजू झाले. सगळे माझ्याशी फार चांगले वागले, म्हणजे कुणीच त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. घरी आम्हीही काढलं नाही.

पहिला झटका कंपनीच्या बसमध्येच आला. हातपाय थडथडायला लागले, मान एका बाजूहून दुसऱ्या बाजूला आपटायला लागली, डोळे घट्ट मिटले ते उघडेनात. जवळच्या दवाखान्यात फिट म्हणून निदान झालं. मेंदूचा आलेख काढला, फोटो काढले, त्यात फारसं काही सापडलं नाही, तरी गोळ्या सुरू झाल्या. झटके थांबले नाहीत म्हणून गोळ्या वाढल्या. त्या गोळ्यांनी माझे केस गेले, शब्द गेले; समोरच्या वस्तूचं नाव ओठांवर येऊन अडायचं. पुढे नोकरीही सुटली. एकदा डॉक्टर चिठ्ठीवरची नजर न उचलता म्हणाले, “या गोळ्या चालू आहेत तोवर मूल होऊ देऊ नका.”

एक गोष्ट मात्र मी कुणालाही सांगितली नव्हती. झटक्यात शरीर माझं नसायचं, पण कान माझे असायचे. बोलता यायचं नाही, बोट हलवता यायचं नाही, तरी दूर विहिरीच्या तळाशी बसून ऐकावं तसं सगळं ऐकू यायचं. “फेफरं आलंय, चप्पल हुंगवा.” “बाई, किती वेळ चाललंय हे!” एका दवाखान्यात माझ्या डोक्याशी उभं राहून कुणीतरी म्हणालं होतं, “नाटक आहे. कुणी बघत नसलं की आपोआप उठेल.” ते ऐकल्यापासून मला धसका बसला, की मला ऐकू येतं हे कळलं तर सगळेच नाटक म्हणतील. शिवाय मला स्वतःलाच कधी कधी वाटायचं, नसेल ना मीच हे करत?

त्या नवरात्राच्या शेवटच्या दिवशी शेजारच्या बाईंकडे आरती होती. त्याही आमच्याच भागातल्या. आरती चालू असताना मला झटका आला आणि त्या ओरडल्या, “रेणुकामाय आली वं अंगात!” माझ्या कपाळावर कुंकवाचा मळवट भरला गेला, बायका पायांवर डोकी ठेवू लागल्या. एकीनं अगदी रडवेल्या आवाजात विचारलं, “माय, माह्या पोरीचं लग्न जमंल का यंदा?” मी आतून किंचाळत होते, की अगं, मी आहे, मला इथून बाहेर काढा. तेव्हा माझी आई गावाहून आलेली होती. ती बायकांना ढकलत पुढे आली. “उठा वं बायांनो! देवी नाही थे. माही लेक आहे, बिमार आहे,” असं म्हणत तिनं पदरानं माझं कपाळ पुसलं. आयुष्यभर रेणुकेचे उपास करणारी माझी आई! दुसऱ्या दिवसापासून मी दिवा लावला नाही आणि आईनंही मला का म्हणून विचारलं नाही.

नंतर ह्यांच्या एका सहकाऱ्यानं सदाशिव पेठेतल्या एका मेंदूविकारतज्ज्ञांचं नाव सुचवलं. मला जायचं नव्हतं. आणखी एक डॉक्टर, आणखी एक गोळी. तरी गेले. दुपारची वेळ होती. हे स्कूटर लावायला जागा शोधत पुढे गेले आणि मी एका जुन्या इमारतीच्या सावलीला उभी राहिले. तिथंच पाय गेले. माणसं जमली. कुणी किल्ल्या हातात द्या म्हणालं, कुणी कांदा आणायला सांगितलं, कुणी चप्पल नाकाशी धरली. तेवढ्यात एका वयस्क बाईंचा खणखणीत आवाज आला, “अहो, ती चप्पल पायात घाला आपली. पायात शोभते ती. आणि इथे खेळ नाही लावलेला, पुढे व्हा.” मग कुणीतरी माझ्या शेजारी पायरीवर बसलं. माझं डोकं मांडीवर आलं. तोच आवाज एकदम खाली उतरला. “मी बसलेय इथं. घाई नाही. तुला ऐकू येतंय ना? येतंय. पापण्या हलतायत तुझ्या.”

इतक्या वर्षांत त्या विहिरीत वाकून मला हाक मारणारं पहिलं माणूस ते. माझ्या मिटल्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं आणि अंग हळूहळू सैल पडत गेलं. डोळे उघडले तेव्हा काठापदराच्या सुती साडीतल्या एक काकू माझ्याकडे बघत होत्या. हे धावत आले होते आणि कुठल्या डॉक्टरांकडे निघालो ते काकूंना सांगून बाजूला नुसते उभे होते. काकूंनी विचारलं, “ऐकू येतं हे डॉक्टरांना सांगितलंस?”

“नाही.”

“का?”

“नाटक म्हणतील.”

“म्हणू देत. त्यांचंच तोंड दुखेल. माझ्या धाकट्या बहिणीला असंच व्हायचं. ती कधी बोलली नाही आणि आम्ही कधी विचारलं नाही.” बहिणीचं पुढे काय झालं ते त्यांनी सांगितलं नाही. मी उठल्यावर त्यांनी माझ्या साडीची धूळ झटकली आणि म्हणाल्या, “जा आता. उशीर झाला तर ते तपासायचे नाहीत, पेठेतले आहेत.”

त्या दिवशी मी डॉक्टरांना सगळं सांगितलं. ते हसले नाहीत. त्यांनी ह्यांना विचारलं, झटका किती वेळ चालतो, जीभ चावली जाते का, डोळे उघडे असतात की मिटलेले. हे विचार करून म्हणाले, “मिटलेले. अगदी घट्ट.” डॉक्टरांनी ते लिहून घेतलं. मग म्हणाले, “मला हा झटका पाहायचा आहे. रुग्णालयात राहावं लागेल. डोक्याला तारा लावू, समोर कॅमेरा असेल आणि झटका येईपर्यंत वाट पाहू.”

आमच्या कामात एक नियम होता, चूक पुन्हा घडवून दाखवता आली तरच ती दुरुस्त होते. त्यामुळे तपासणीचं कारण मला लगेच कळलं. पण रुग्णालयातल्या त्या खोलीत डोक्याला तारा चिकटवून घेऊन पडले आणि झटका येईचना! डॉक्टरांच्या देखरेखीखाली गोळ्या कमी केल्या, तरी नाही. रोज छळणारा तो, नेमका आता दडी मारून बसला. आणि एका दुपारी माझ्या लक्षात आलं, की मी पुन्हा देवीशी बोलते आहे. इतकी वर्षं जे नको म्हणून रडले तेच आता पाठव म्हणत होते. मग त्याचीही लाज वाटली. मी म्हटलं, “माय, दे म्हणून मागितलं, नको म्हणून मागितलं. आता मला काही मागता येत नाही. तुला जे करायचं ते कर, फक्त मला सोडून जाऊ नकोस.” खरंच सांगते, त्या क्षणी पहिल्यांदाच मला झटका येण्याची भीती वाटली नाही आणि न येण्याचीही नाही.

थोड्या वेळानं बाहेर कुठंतरी तान्हं बाळ रडलं. आणि मला झटका आला.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरांनी आम्हाला समोर बसवलं. “हे झटके खरे आहेत,” त्यांनी आधी हेच सांगितलं. “तुम्ही ते मुद्दाम आणत नाही. पण ही फिट नाही. झटका चालू असताना मेंदूच्या आलेखात फिटची कुठलीच खूण नाही. सोसवत नाही असं काही आत राहिलं की काही माणसांचं शरीर या वाटेनं बोलतं. गोळ्यांनी ते थांबत नाही. उपचार वेगळे आहेत, आणि ते आहेत.”

“म्हणजे नाटकच ना?” मी विचारलं.

“नाटक करणारी माणसं त्यासाठी केस, शब्द आणि नोकरी घालवून बसत नाहीत,” ते म्हणाले. मग त्यांनी चित्रण लावलं. माझं ते ओळखू न येणारं शरीर मी पहिल्यांदा पाहिलं. ते थडथडायला लागण्याच्या जरा आधी, अगदी बारीक, पण स्पष्ट, बाळाचं रडणं ऐकू आलं. डॉक्टरांनी हळूच विचारलं, “तुम्हाला मूल आहे?”

माझ्या शेजारी हे हमसाहमशी रडू लागले. मी त्यांना तसं कधीच पाहिलं नव्हतं. बऱ्याच वेळानं ते म्हणाले, “मी पाहिलं होतं तिला. हातात घेतलं होतं. केस तुझ्यासारखे होते, दाट. तुला सांगितलं तर तुला त्रास होईल, म्हणून...”

त्या मजल्यावर लहान मुलांना आणू देत नाहीत, असं नंतर नर्सनं सांगितलं. कुणाचं बाळ होतं, कुणी आत आणलं, मी शोधलं नाही. आवाज चित्रणात होता, तेव्हा बाळ होतंच. याहून जास्त मला काही म्हणायचं नाही.

यानंतर सगळं छान झालं असं सांगता आलं असतं तर बरं वाटलं असतं. निदान ऐकून आधी मी अधिकच खचले. फिट म्हटलं की लोक हळहळतात, हे निदान ऐकलं की भुवया उंचावतात. डॉक्टरांनी गोळ्या सावकाश कमी केल्या, एका मानसोपचारतज्ज्ञ बाईंकडे मी दीर्घकाळ जात राहिले. तिथं मी माझ्या मुलीबद्दल बोलायला शिकले. झटके कमी झाले, पण गेले नाहीत. पुढे मूल झालं नाही. ती वर्षं जी गेली ती गेलीच. सदाशिव पेठेतल्या त्या काकूंना भेटायला मी पेढे घेऊन गेले, तर त्या दारातच म्हणाल्या, “अगं, मी काय केलं? माझीच पायरी, माझीच मांडी.” पेढे मात्र घेतले आणि मला आत बोलावलं.

मागच्या महिन्यात भाजी घेताना हात थरथरायला लागले. पूर्वी मी जिवाच्या आकांतानं झटक्याला थोपवायला बघायचे. आता भाजीवालीला म्हटलं, “मावशी, मी जरा खाली बसते, घाबरू नका.” बसले. डोळे मिटले. मनात म्हटलं, माय, तूही बस. ती बसली असावी. अंग हललं, कानांवर भाव करणाऱ्यांचे आवाज येत राहिले, आणि मग सगळं ओसरलं. दुःख उचलून न्यायला देव येतो, असं मला आता वाटत नाही. आपण भांडणं सोडलं की तो शेजारी बसलेला जाणवतो, एवढंच मला कळलं आहे, आणि तेवढ्यासाठी मी मायची ऋणी आहे. भाजीवालीनं मला हाताला धरून उठवलं. मेथी निवडून देत म्हणाली, “घाई करू नगा ताई. उन्हं उतरू द्या, मग जावा.” मी तिच्याजवळ बसून राहिले.