तालमीच्या मातीत एक विग

पुण्याहून कोल्हापूरला निघालेल्या एसटीत माझ्या मांडीवर एक गोल डबा होता, आणि कंडक्टरने सांगूनही तो मी वरच्या रॅकवर ठेवला नाही. शेजारच्या मावशी पुढे गडहिंग्लजला जाणाऱ्या. कराडपर्यंत त्यांनी दम धरला, मग विचारलंच.

"केक हाय व्हय त्यात?"

"नाही मावशी. केस आहेत."

त्यांना वाटलं, मी थट्टा करतेय. म्हणून मी झाकण थोडं उघडलं. आत थर्मोकोलचं डोकं आणि त्याच्यावर मुलग्यासारखे बारीक कापलेले केस. मावशींनी पदर तोंडाला लावला, मग वाकून नीट पाहिलं आणि शेवटी न राहवून एका बोटाने केस चाचपले.

"सिनेमातल्या नटीला घालायचेत," मी म्हटलं. "सिनेमात ती पैलवान आहे. आणि पैलवान मुली केस कापतात."

"मग हिनंबी कापायचं की."

मावशींचं म्हणणं खरं होतं, पण आमच्या नायिकेचे, ईशाचे, केस कंबरेपर्यंत, आणि त्याच केसांवर तिने एका तेलाच्या जाहिरातीचा करार केलेला. करार संपेपर्यंत कात्री बंद. म्हणून लांब केसांवर आखूड केसांचा विग, आणि तोही कुस्ती खेळताना टिकणारा. हे जमवायला मी निघाले होते.

मी सिनेमा-मालिकांमध्ये केशरचना करते. सेटवर आम्हाला नावं नसतात. रंग लावतो तो मेकअप दादा आणि मी हेअर ताई. ठाण्यातल्या पार्लरमध्ये नवऱ्या मुलींचे अंबाडे घालता घालता एका मालिकेत मदतनीस म्हणून शिरले, ती तिथेच रुजले. नायिका झोपेतून उठली तरी तिच्या बटा जागच्या जागी हव्यात, असा हट्ट धरणाऱ्या मालिकांमध्ये माझी उमेदीची वर्षं गेली. त्या हट्टालाही कौशल्य लागतं, पण चित्रपटवाले आमच्याकडे नाक मुरडूनच बघतात. हा माझा पहिला चित्रपट होता, जिथे केसांची सगळी जबाबदारी माझी. तो हातचा घालवायचा नाही, एवढं ठरवूनच मी एसटीत बसले होते.

कोल्हापूर स्टँडवर उतरले तर निर्मितीवाल्यांची गाडी उभी होती. शहर मागे पडलं आणि राधानगरीच्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी ऊस सुरू झाला. मध्येच उसाने भरलेली ट्रॉली रस्ता अडवून चालायची आणि आमचा ड्रायव्हर मुकाट्याने तिच्या मागे. शूटिंगचं गाव आलं तेव्हा आधी दिसली ती तालीम: कौलारू, बुटकी, दाराशी मारुतीचं छोटं देऊळ. आत हौदा (कुस्तीचा मातीचा खड्डा) आणि त्यात मऊ लाल माती. तिच्यात तेल, ताक, हळद, लिंबू, कापूर असं काय काय घालून ती मुरवलेली असते. आत पाऊल टाकलं की लोणच्याचा आणि देवघराचा मिळून एक वास येतो. मला तो पहिल्या क्षणापासून आवडला. त्याच मातीने माझं काय होणार आहे, ते मला तेव्हा ठाऊक नव्हतं.

ही मुलींची तालीम. वस्ताद (कुस्ती शिकवणारे गुरू) सत्तरीच्या पुढचे, कान चुरगळलेले, आवाज हौद्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाणारा. त्यांच्या शिष्यांपैकी कोमल नावाची मुलगी सिनेमात ईशाशी लढणार होती. कोमल खरीखुरी पैलवान, जिल्ह्याची कुस्ती मारलेली. ईशाही दोन महिने तालमीत घाम गाळून तयार झाली होती, नुसती मिरवणारी नटी नव्हती.

पहिल्या दिवशी सकाळी मी विग लावला. विगच्या कडेला मच्छरदाणीसारखी बारीक जाळी असते. ती कपाळाला आणि मानेला गमने चिकटवायची की केस तिथूनच उगवल्यासारखे दिसतात. ईशा आरशात बघून स्वतःच दचकली. दिग्दर्शकांनी कॅमेरा मानेजवळ आणून पाहिला आणि मान डोलावली.

दोघी हौद्यात उतरल्या. सलामी झाली. आणि कोमलने खाली वाकून मूठभर माती उचलली, ती ईशाच्या खांद्यांवर, मानेवर चोळली. ईशानेही तिला चोळली. कुस्ती लागण्याआधी एकमेकींना माती लावायची, म्हणजे घामाने हात सुटत नाहीत, अशी इथली रीत. ती मला कुणी सांगितली नव्हती आणि मीही विचारलं नव्हतं. तेल-ताकाची ती माती गमवर बसली आणि पहिल्याच पटात (पाय ओढून पाडायचा डाव) मानेवरची जाळी सुटली. दुसऱ्या डावात विग कानापर्यंत सरकला. आतून ईशाची वेणी डोकावली.

मी पुसून, स्पिरिटने स्वच्छ करून पुन्हा लावला. पुन्हा सुटला. दुपारपर्यंत हाच खेळ. शेवटी निर्मितीवाल्याने वस्तादांना सुचवलं, की माती लावायचं तेवढं गाळू या.

"पावणं," वस्ताद म्हणाले, "माती लावल्याबिगर जोड लागत न्हाय. तुमाला नाच दाखवायचा आसंल तर दुसरीकडं दाखवा. हितं न्हाय."

दिग्दर्शक मला बाजूला घेऊन गेले. त्यांचा आवाज चढलेला नव्हता, त्यामुळे जास्त लागलं.

"ताई, उद्या दुसरे सीन घेतो. परवा सकाळी कुस्ती. तोपर्यंत जमलं तर ठीक, नाहीतर मुंबईहून दुसऱ्या कुणाला तरी बोलावतो. उरलेल्या अख्ख्या चित्रपटासाठी."

मला राग आला. वस्तादांचा नाही, त्यांचं बरोबरच होतं. दिग्दर्शकांचाही नाही. राग आला तो त्या गमच्या बाटलीचा, जिच्यावर मी इतकी वर्षं डोळे मिटून विसंबले होते. खोलीवर येऊन मी ती बॅगेच्या तळाशी टाकली आणि ठरवलं: माती राहील आणि विगही राहील. चिकटवायचा नाही, शिवायचा.

शिवायचा म्हणजे ईशाच्या केसांच्या, डोक्याला घट्ट बसतील अशा बारीक वेण्या घालायच्या आणि विग त्या वेण्यांना टाके घालून पक्का करायचा. हे मी एका नाटकासाठी केलं होतं. पण त्याला अर्धगोल वाकलेली बारीक सुई लागते. सरळ सुई टाळूत घुसते. आणि माझी वाकडी सुई ठाण्यात, कपाटात.

दुसऱ्या दिवशी सकाळीच कोल्हापूर गाठलं. आधी चप्पल लाइनला गेले, चामडं शिवणाऱ्यांकडे असेल म्हणून. एका काकांनी आपली आरी दाखवली, जाड आणि सरळ. ती डोक्याजवळ नेण्याच्या कल्पनेनेच मला घाम फुटला. "डोस्क्याला?" काका म्हणाले. "ताई, ही बैलाच्या कातड्याची हाय." त्यांनीच उद्यमनगरला जा म्हणून सांगितलं.

उद्यमनगर म्हणजे लेथ, वेल्डिंग आणि ठोकाठोक यांचं अख्खं गाव. एका छोट्या वर्कशॉपमध्ये मी पर्समधलं साध्या सुयांचं पाकीट काढून टेबलावर ठेवलं आणि कागदावर चंद्रकोरीचा आकार काढला.

"अशी वाकवून हवी. पण टोक बोथट करायचं आणि वाकवताना मोडता कामा नये."

मालक माझ्याच वयाचा, हातभर ग्रीस. त्याने एक सुई उजेडात धरली. "ट्रॅक्टरचं घिऊन येत्यात लोक, तुमी सुई घिऊन आलाय." मग हसला. "बसा. च्या घ्या. करतो की."

त्याने सुई ज्योतीवर लाल केली, खिळ्याभोवती वळवली, तेलात बुडवली. पहिल्या दोन सुयांचे तुकडे झाले. तिसऱ्या वेळी मी सांगितलं, इतकी लाल नको, आणि वळवताना घाई नको. ती बरोबर वळली. मी तिथेच स्वतःच्या वेणीत दोरा घालून टाका मारून पाहिला. वर्कशॉपमधले सगळे काम सोडून बघत होते. आणखी एक करून घेतली, हरवली तर असावी म्हणून.

पोटात कावळे ओरडत होते. जवळच्या खानावळीत पांढरा रस्सा वाटी तोंडाला लावून प्यायले आणि तांबड्याने डोळ्यांतून पाणी काढलं. वाढणाऱ्या बाईंना वाटलं, माझ्या घरी काही वाईट झालंय. त्यांनी न मागता आणखी पांढरा रस्सा आणून ठेवला.

तालमीत परतले तेव्हा मुलींचा सराव नुकताच सुटला होता. आता कुणावर तरी करून बघणं भाग होतं. ईशा शूटिंगमध्ये अडकलेली आणि बाकी मुलींचे केस कापलेले. फक्त यास्मिनचे लांब होते. ती हुपरीची. घरात सगळे चांदीचे पैंजण घडवतात. कुस्तीला वडिलांनी लगेच होकार दिला, आईने मात्र केस राखायची अट घातली. त्यामुळे यास्मिन वेणी आवळून लढायची.

"माझ्यावर बगा की लावून," ती म्हणाली. "मी बसतो." (इकडच्या मुली स्वतःबद्दल 'बसतो', 'जातो' असंच म्हणतात.)

मी तिच्या बारीक वेण्या घातल्या. मग विग हातात घेतला, आणि जे करायचं होतं त्याची भीती वाटत असतानाच करून टाकलं. कडेची सगळी जाळी कापली. आता तो विग पुन्हा कधी गमने लागणार नव्हता. कड आत मुडपली आणि वाकड्या सुईने काळ्या दोऱ्याचे टाके घालत डोक्याभोवती फिरले. कोमलला सांगितलं, हिला सोडू नकोस.

कोमलने सोडलं नाही. घिस्सा, ढाक, कलाजंग, काय येतं ते सगळं केलं. यास्मिन मातीने माखली, पाठीवर पडली, उठली, आणि विग बसल्या जागी. फक्त डाव्या कानामागे बोटभर जागा सैल झाली. तिथे टाके दाट घालायचे, मी मनाशी नोंद केली.

"दुकतंय का?" कोमलने तिला विचारलं.

"आईनं वेनी घातल्यागत वाटालंय," यास्मिन म्हणाली.

तिसऱ्या दिवशी सकाळी ईशा माझ्यापुढे बसली. वेण्या इतक्या आवळल्या की तिच्या भुवया वर गेल्या. मग टाके घालत गेले, डाव्या कानामागे दाट. शेवटची गाठ मारली आणि म्हटलं, जा.

सलामी. माती. कोमलने यावेळी दोन मुठी उचलल्या आणि मानेवर कसून चोळल्या. कॅमेरा अगदी जवळ. पट, उलट पट, ईशा खाली, कोमल वर, मग गुंता सुटून दोघी उभ्या. मी कुस्ती पाहिलीच नाही. मी फक्त तिच्या मानेवरची केसांची रेघ पाहत होते. ती जिथे होती तिथेच राहिली.

शेवटी दोघी हौद्याबाहेर आल्या. वस्ताद कुस्ती झाली की मुलींच्या डोक्यावरून हात फिरवतात, तसा कोमलच्या फिरवला. मग ईशाच्या डोक्यावर हात ठेवला, थांबले, माझ्याकडे एक नजर टाकली आणि तिचे केस मुठीत धरून खसकन ओढले.

"आई गं, लागतंय वस्ताद," ईशा म्हणाली.

वस्तादांनी मूठ सोडली. "लागतंय न्हवं? मग केसच म्हनायचं की हे."

तालीमभर हशा पिकला. दिग्दर्शकांनी फोन काढून मुंबईला कुणाला तरी नको म्हणून कळवलं, आणि जाता जाता मला पहिल्यांदा नावाने हाक मारून विचारलं, "सुलभाताई, अजून तीन कुस्त्या आहेत. पुरेल ना विग?"

पुरेल, म्हटलं. पण खरी कसोटी पुढेच होती आणि ती मीच ओढवून घेतली होती. टाके दिसू नयेत म्हणून काळा दोरा वापरला, ही हुशारी. आता विग उतरवायचा, तर काळे केस, काळा दोरा आणि दोन्हींवर तेल-मातीचा थर. काय कापायचं आणि काय नाही, ते दिसेना. एक चुकीचा कात्रीचा घाव आणि ईशाची वेणी हातात. मी कात्री बाजूला ठेवली. यास्मिन तांब्याने कोमट पाणी ओतत राहिली आणि मी सुईच्या बोथट टोकाने, बोटांनी चाचपत, एकेक टाका उसवला. केसांची बट बोटाखाली चपटी होते, दोरा होत नाही, एवढ्याच आधारावर. ईशा मध्येच झोपून गेली. तिच्या डोक्याचा एक केसही कापला गेला नाही. पुढच्या तिन्ही कुस्त्यांना मी हिरवा दोरा वापरला.

परतीच्या एसटीत खिडकीपाशी बसले तेव्हा नखांत लाल माती होती आणि ती काढायची मला घाई नव्हती. इतकी वर्षं मला वाटायचं, की आपण मालिकांमधून आलोय म्हणून चित्रपटात जरा दबकून राहावं, कुणी जागा देईल तेवढीच घ्यावी. किणीचा टोलनाका गेला, पेठनाका गेला, आणि मी त्या विचाराला रामराम ठोकला. पुढच्या चित्रपटाला मी आधी विचारणार, माती कसली आहे, पाणी कसलं आहे, कोण कुणाला काय लावतं. आणि मगच पेटी भरणार.

चित्रपट येईल तेव्हा बघायला जा. आमच्या धंद्यात म्हणतात, की केसांकडे कुणाचं लक्ष गेलं नाही म्हणजे काम चांगलं झालं. पण तुम्ही हे वाचलंय, तेव्हा कुस्ती लागली की तुम्ही केसांकडेच बघणार. खुशाल बघा. मानेपाशी बघा, अगदी जवळून बघा. मला चालेल.