पाण्याखालची ताई

मी कॉलेजात मराठी शिकवतो आणि चित्रकथांचा अभ्यास करतो, असं सांगितलं की पहिल्या अर्ध्यावर लोक आदराने मान डोलावतात आणि दुसऱ्या अर्ध्यावर विषय बदलतात. गंगापूर रोडच्या आमच्या सोसायटीतल्या एका काकांनी तर माझ्या बायकोला बाजूला घेऊन विचारलं होतं, की सरांना हा पोरांची पुस्तकं वाचायचा नाद कधीपासून लागला. त्यांनी काळजीने विचारलं होतं, म्हणून तिनेही काळजीचा चेहरा करून सांगितलं, की लग्नाआधीपासूनच आहे, आम्हाला उशिरा कळलं.

मला अशा वेळी राग येतो आणि तो लपवायची कला मला अजून साधलेली नाही. कादंबरीवर जाडजूड ग्रंथ लिहिणारा तो विद्वान आणि चित्रकथेवर चार पानं लिहिणारा तो हौशी, हा कुठला न्याय? चित्रकथा वाचणं दिसतं तितकं सोपं नसतं. एका चौकटीत माणूस दार उघडतो, पुढच्या चौकटीत तो रस्त्यावर असतो. मधली पांढरी पट्टी बोटभरही रुंद नसते. पण चपला घालणं, जिना उतरणं, आईला सांगून निघणं हे सगळं त्या पट्टीत झालेलं असतं आणि ते वाचणाऱ्याने स्वतःच्या पदरचं घातलेलं असतं. हे मी विभागातल्या लोकांना इतकी वर्षं आणि इतक्या मोठ्या आवाजात सांगत आलो, की शेवटी कंटाळून त्यांनी चित्रकथांवर एक दिवसाचं चर्चासत्र घ्यायला होकार दिला.

अध्यक्ष म्हणून पुण्याहून एक ज्येष्ठ प्राध्यापिका येणार होत्या. अभ्यासक्रम ठरवणाऱ्या मंडळात त्यांचा शब्द चालतो. त्यांना या विषयात दम वाटला, तर एम.ए.ला चित्रकथेचा ऐच्छिक पेपर सुरू करायची शिफारस होणार होती. नाही वाटला, तर माझं हे खूळ कायमचं बासनात जाणार होतं. विभागप्रमुख 'खूळ' हा शब्द बोलले नाहीत, पण त्यांच्या चेहऱ्यावर तो स्पष्ट वाचता येत होता.

माझा शोधनिबंध कशावर, याचा मला क्षणभरही विचार करावा लागला नाही. आम्ही लहान असताना एक पाणबुड्याची चित्रकथा निघायची. खरखरीत कागद, काळा आणि निळा असे दोनच रंग, बत्तीस पानं. नायक खेड्यातला एक साधा माणूस. विहिरीत पडलेल्या घागरी, कळश्या बुडी मारून काढून द्यायचा त्याचा धंदा. प्रत्येक अंकात कुणीतरी चोर चोरलेला माल विहिरीत नाहीतर तळ्यात दडवायचा आणि आमचा पाणबुड्या तो वर काढायचा. चोरांना माल लपवायला कोरडी जागा कधीच का सुचत नसे, हा प्रश्न मला आजवर पडला नव्हता, इतकं माझं त्या चित्रकथेवर प्रेम.

लहानपणानंतर त्याचा एकही अंक माझ्या हाती आला नव्हता. वाचनालयं असले अंक जपून ठेवत नाहीत. पण मला सगळं तोंडपाठ होतं. त्या भरवशावर मी निबंधाचा गोषवारा एका बैठकीत लिहून पाठवला. माझा मुद्दा असा होता की, इतर चित्रकथांतल्या नायकांना संकटात देव आठवतो, गुरू आठवतो, नाहीतर आपलं बळ आठवतं. आमच्या पाणबुड्याला पाण्याखाली गेल्यावर आठवते ती थोरली बहीण. ती काय म्हणाली होती, तिने कशाला बजावलं होतं, हे आठवूनच त्याला मार्ग सापडतो. मराठी घरातल्या थोरल्या बहिणीचं स्थान असं ठसठशीतपणे दुसऱ्या कुठल्याच चित्रकथेत आलेलं नाही, असं मी ठणकावून लिहिलं. निबंधाला नाव दिलं 'चित्रकथेतील थोरली बहीण'.

पुण्याच्या बाईंचा स्वतःहून फोन आला. असं निरीक्षण कुणीच कसं नोंदवलं नाही, म्हणाल्या. मूळ पानं पडद्यावर दाखवा, मला ती डोळ्यांनी बघायची आहेत. मी त्या दिवशी घरी जाताना सोसायटीतल्या काकांना जिन्यात थांबवून नमस्कार केला.

मग मी अंक शोधायला निघालो. जुन्या नाशकातल्या जुनी पुस्तकं विकणाऱ्या एकाला मी सांगून ठेवलं होतं आणि कार्यक्रमपत्रिका छापून आली त्याच आठवड्यात त्याचा निरोप आला. एका घरातली माळ्यावरची पेटी त्याच्याकडे आली होती आणि तिच्यात पाणबुड्याचे अंक होते. मी ते घरी आणले, हात धुतले, जेवणाच्या टेबलावर स्वच्छ चादर अंथरली आणि पहिला अंक उघडला.

त्यात थोरली बहीण नव्हती. दुसऱ्यात नव्हती. मी सगळे अंक उलटेपालटे केले. पाणबुड्याला एक म्हातारा बाप होता, एक बकरी होती, बहीण नव्हतीच. आणि पाण्याखालच्या चौकटींत तर बोलण्याचा एकही फुगा नव्हता. पाण्याखाली माणूस बोलत नाही, हे चित्रकाराला माहीत होतं. पानंच्या पानं नुसती निळी, एकही अक्षर नसलेली. बायको म्हणाली, दुसरी कुठली चित्रकथा असेल. पण दुसरी कुठली असणार? प्रत्येक चित्र मला ओळखीचं होतं. मी पुन्हा पहिला अंक उघडला आणि मला आठवलं की, हे अंक मी कधी वाचलेच नव्हते. मला तेव्हा वाचता येत नव्हतं.

आम्ही तेव्हा नाशिक रोडला कॉलनीत राहायचो. वडील सरकारी प्रेसमध्ये कामाला, आई शाळेत शिकवायला. दुपारी घरात मी आणि ताई. तिची शाळा सकाळची, माझी अजून सुरूच व्हायची होती. मला एका जागी बसवायचा तिच्याकडे एकच उपाय होता. स्टेशनजवळच्या वाचनालयातून ती चित्रकथा आणायची, भिंतीला टेकून बसायची आणि मला मांडीजवळ घेऊन वाचून दाखवायची. प्रत्येक फुग्याखालून तिचं बोट सरकायचं. मी चित्रं बघायचो आणि तिचं ऐकायचो. दोन्ही मिळून माझ्या डोक्यात जी चित्रकथा तयार झाली, तिच्यावर मी निबंध लिहून बसलो होतो.

ताईचं लग्न होऊन ती नामपूरला गेली, त्याला आता जमाना झाला. तिच्या घरचं बियाण्यांचं आणि खतांचं दुकान आहे आणि ते तीच चालवते. मी फोन केला तर म्हणाली, मला काहीएक आठवत नाही, कांद्याच्या रोपांचा हंगाम आहे, गिऱ्हाईक उभं आहे. मी रविवारी अंक पिशवीत घालून थेट नामपूर गाठलं. रस्ताभर मी तिला काय काय सुनावायचं, ते ठरवत होतो. भावाला फसवलंस, त्याचं नाव घालवलंस, इथपर्यंत मजल गेली होती.

तिने दुकानाच्या गल्ल्यावर अंक उघडला आणि बघता बघता तोंडाला पदर लावून हसायला लागली. तिला हसू आवरेना. मागे खुर्चीवर बसलेल्या तिच्या सासूबाईंनी तिकडच्या बोलीत विचारलं, "हाई काय शे?" ताईला उत्तर देता येईना, म्हणून मीच सांगितलं की चित्रांचं पुस्तक आहे. आणि मग माझा राग निघाला. मी तिला म्हटलं की, यात बहीण कुठेच नाही. तू मला रोज खोटं वाचून दाखवत होतीस.

ती डोळे पुसत म्हणाली, "मग काय करू? पाण्यात गेला की हा बोलायचाच नाय. आणि तू तर दर चित्रावर बोट ठेवून विचारायचास, आता काय म्हणतोय, आता काय म्हणतोय. काहीच म्हणत नाय म्हटलं की भोकाड पसरायचास. शेजारच्या काकू धावत यायच्या."

मी विचारलं, पण बहीणच का? ती म्हणाली, त्या वयात मला दुसरं कोण सुचणार होतं? शिवाय पाणबुड्या ताईचं ऐकतो म्हटल्यावर तूही ऐकायचास. जेवून लगेच पाण्यात उतरू नकोस, आधी झोप, असं ताईने सांगितलं होतं, हे त्याला विहिरीच्या तळाशी आठवायचं आणि तू मुकाट्याने झोपायचास. भाजी टाकू नकोस, उन्हात जाऊ नकोस, हे सगळं मी त्याच्याकडूनच तुला सांगितलं.

माझा राग कुठे गेला, मला कळलं नाही. मला वाटलं, आपण आयुष्यभर ज्या पांढऱ्या पट्टीबद्दल बोलतोय, ती पट्टी समोर बसली आहे आणि हिशोबाच्या वहीवर पेन ठेवून हसते आहे. मला तिचा फार अभिमान वाटला. मी तिथेच ठरवलं की निबंध मागे घ्यायचा नाही. जे झालं ते उघड सांगायचं आणि त्यातूनच मुद्दा मांडायचा. फक्त तिने यायला हवं होतं. ती म्हणाली, येईन, पण मागे बसेन. विद्वान लोकांपुढे मला तोंड उघडायला लावलंस तर परत माहेरची वाट धरणार नाही.

चर्चासत्राच्या दिवशी ती ठेवणीतली साडी नेसून, डाळिंबांची पेटी घेऊन आली आणि खरोखरच मागच्या रांगेत बसली. माझी पाळी आली. मी उभा राहिलो आणि आधी सांगून टाकलं की, गोषवाऱ्यात लिहिलेली थोरली बहीण या चित्रकथेत कुठेच नाही. सभागृहात कुजबुज झाली. विभागप्रमुख छताकडे बघू लागले. मग मी पाण्याखालची ती अक्षरहीन पानं पडद्यावर लावली. म्हटलं की, आपल्याकडे चित्रकथा पुष्कळदा दोघं मिळून वाचतात. एक वाचतो, दुसरा बघतो. तेव्हा चित्रकथेचा अभ्यास करायचा, तर छापलेली पानं पुरत नाहीत. ती कुणी कुणाला वाचून दाखवली, हेही अभ्यासायला हवं. मी पुष्कळ बोललो आणि मला वाटतं, बरं बोललो.

बाईंनी शेवटपर्यंत चेहरा हलू दिला नाही. मग म्हणाल्या, "मुद्दा चांगला आहे. पण तुमची स्मरणशक्ती एकदा चुकली आहे, आता ती बरोबर आहे याला आधार काय?" प्रश्न रास्त होता आणि त्यावर पेपरचं सगळं अवलंबून होतं. मी म्हटलं, आधार मागच्या रांगेत बसला आहे. असं म्हणताना मी ताईकडे बघायचं टाळलं.

सगळे मागे वळले. बाईंनीच तिला हाताने जवळ बोलावलं, अगदी अगत्याने, त्यामुळे तिला नाही म्हणता आलं नाही. ती माझ्या शेजारच्या खुर्चीवर बसली. बसता बसता तिने मला जो चिमटा काढला, तो निबंधात नोंदवता येण्यासारखा नाही. पडद्यावर ज्याची पानं होती, तो अंक मी तिच्या हातात दिला. तिने चष्मा लावला आणि वाचायला सुरुवात केली. पण माईक बघून ती बिचकली होती. शाळेत तपासणीला साहेब आल्यावर मुलं वाचतात, तशी ती छापलेला शब्द न् शब्द वाचू लागली. चोराचं बोलणं, सरपंचाचं बोलणं, बापाचं बोलणं. मग पाणबुड्याने विहिरीत उडी मारली, पुढचं पान निळं निघालं आणि ती थांबली.

"इथं काय लिहिलेलं नाय," ती बाईंना म्हणाली.

ताईने चित्राकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं आणि तिचं बोट आपोआप पानावर उतरलं. आवाज बदलला. विहिरीच्या तळाशी अंधार आहे, पाणबुड्याला भीती वाटतेय, पण तो कुणाला सांगत नाही. सांगितलं तर लोक म्हणतील, एवढा मोठा आणि घाबरतो. ती एकेक चौकट वाचत गेली आणि पहिल्या रांगेतली मुलं पुढे सरकून बसली. बाईंनी हातातलं पेन खाली ठेवलं.

शेवटच्या चौकटीत पाणबुड्या हंडा काखेत धरून मान वर करून बघतो. वर विहिरीचं तोंड, लहानसं, उजेडाने भरलेलं. ताईचं बोट तिथे बराच वेळ थांबलं. मी तिच्याकडे पाहिलं आणि माझ्या पहिल्यांदाच लक्षात आलं की, त्या दुपारी सगळं घर जिच्या भरवशावर असायचं, ती स्वतः तेव्हा दहा-अकरा वर्षांची होती.

ती म्हणाली, "आता याचा दम संपत आलाय. पण तो म्हणतो, वर जायलाच पायजे. धाकटा घरी एकटा आहे."

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, कारण कुणालाच ते संपल्याचं लगेच कळलं नाही. बाई माझ्याकडे वळून म्हणाल्या की पेपरचा आराखडा या महिन्यातच पाठवा. मी मान हलवली. ताईने अंक मिटला, चष्मा काढला आणि माझ्या कानाशी वाकून विचारलं, "बरोबर वाचलं ना रे?"

मागे पडद्यावर ती चौकट भिंतभर पसरली होती, एकही अक्षर नसलेली. माझ्यासमोरचा माईक चालू होता.

"हो ताई," मी म्हटलं. "असंच छापलंय."