हात दाखव, पाटी घे

पाटीवाले चाचा पोराचं तोंड नंतर पाहत, आधी दंड पाहत. लहानपणीच देवी येऊन त्यांचा एक डोळा गेला होता, चेहऱ्याची चाळण झाली होती. गुलमंडीच्या बाजारात त्यांचं हिमरूचं, म्हणजे रेशमी वेलबुट्टीच्या कापडाचं, दुकान. गिऱ्हाईक ताटकळलं तरी बेहत्तर, पण बाही सारून पोर उभं राहिलं की चाचा गादीवरून उठत, देवी काढल्याचा, म्हणजे देवीची लस टोचल्याचा, वण अंगठ्यानं चाचपत आणि कोरी पाटी हाती देत. "हात दाखव, पाटी घे," म्हणत.

निजामाच्या राज्यात शाळेत उर्दू, घरात मराठी. आमच्यासारख्या पोरी दोन्हीकडून कोऱ्या राहत. चाचांनी दुकानाच्या माडीवर पदरमोड करून मराठी शिकवणाऱ्या बाई ठेवल्या होत्या. स्वतःची शेरवानी मात्र कोपरावर रफू केलेली. कुणी टोकलं तर म्हणत, "हिमरू विकायला असतो, घालायला नाय."

माझ्या आईला देवी काढणाऱ्याची धास्ती. पण पोरींनी शिकावं ही हौसही तिचीच. तिनं तापल्या सुईनं माझ्या आणि धाकट्या शकूच्या दंडावर बिब्बा लावला. फोड आले, वण राहिले. चाचांनी अंगठा फिरवून दोघींना पाट्या दिल्या. आईची चलाखी मला तेव्हा फार आवडली होती, याची आजही लाज वाटते.

त्याच उन्हाळ्यात गावात देवीची साथ आली. मी वाचले. शकू गेली.

चाचा भेटायला आले. आईनं खालमानेनं सांगून टाकलं, "वण खोटा व्हता, चाचा. बिब्ब्याचा व्हता." ते पायरीवरच बसले. आम्हाला वाटलं, आता रागावतील.

"कसूर माझा हाय, बाई," ते म्हणाले. "पाटी पोरींचा हक होता. मी पाटीची लालूच दाखवली."

पुढं त्यांनी कुणाचा दंड पाहिला नाही. मागेल त्याला पाटी दिली. देवी काढणाऱ्याला घेऊन स्वतः दारोदार हिंडू लागले. लोक भ्यायले की पहिली सुई आपल्या दंडावर घेत. "चाचा, तुम्हाला गरज नाय," तो म्हणे. "मला नसंल, ह्यांना हाय," म्हणून बाही वर करत.

मी शिक्षिका झाले तेव्हा ते अंथरुणाला खिळले होते. दुसरा डोळाही गेला होता. सवयीनं त्यांचा हात माझ्या दंडावर आला. बिब्ब्याचा वण लागला तसा अंगठा थांबला.

"पोरींना पाट्या देतीस ना?"

"देते, चाचा."

"काही न विचारता?"

"व्हय."

मग त्यांनी अंगठा उचलला.