मध्यंतरातला फोन

असल्या मसालापटांना मी नाक मुरडणारा. त्या रविवारी उकाड्याला कंटाळून, केवळ एसीसाठी रत्नागिरीच्या थिएटरात शिरलो. शेजारच्या खुर्चीतल्या बाई मारामारी आली की पदर तोंडाशी धरत, गाणं आलं की पायाने ठेका देत. मध्यंतर होताच त्यांनी फोन लावला.

"तुमच्याकडं झालं काय हो मध्यंतर? चहा घेतलात?"

नवरा मुंबईत कामाला. तोही तिकडे याच वेळी हाच सिनेमा बघत होता. दर नव्या सिनेमाला दोघांचं असंच ठरलेलं, त्यांनीच सांगितलं.

"गोष्ट तर तीच असते," मी म्हणालो.

"शेवटी सगळी घरी येतात ना, तेवढं दोघांनी एकदम बघायचं."

पडद्यावर मुलगा आईकडे परतला, तेव्हा बाईंनी पलीकडच्या रिकाम्या खुर्चीवरची पिशवी उचलून मांडीवर घेतली, कुणाला जागा करून द्यावी तशी.