विहिरीवरचा रिकामा कॅमेरा

बडनेरा स्टेशनवर गाडी सुटताना बाबा सोवळ्याची पिशवी घेऊन उभे होते. तिथूनच त्यांना यजमानाकडे पूजेला जायचं होतं. "कॅमेरा शिकायचा त शिक. पण आचार सोडला, त माझ्या घरात पाय ठेवू नको," म्हणाले, आणि पाठ फिरवून डोळे पुसले. अमरावतीच्या आपल्या राजापेठेत राहिलेल्यांनो आणि माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांनो, पुढचं तुम्हाला सांगायचं राहूनच गेलं.

मुंबईत मी माहितीपटांचा कॅमेरामन झालो. अस्पृश्यता कायद्यानं गेली होती. खरंच गेली का, हे टिपायला आमचं युनिट अकोल्याजवळच्या एका गावात आलं. पाटलांनी विहीर सगळ्यांना मोकळी केली, अर्थात शूटिंगपुरती. बौद्धवाड्यातल्या बाया घागरी घेऊन आल्या. पहिल्या दोघीतिघींचं पाणी भरून होतं न होतं तोच माझं रीळ संपलं. पाटील दोर गुंडाळायला टपलेलेच होते. मी चकार शब्द काढला नाही. कॅमेऱ्याला चावी देत राहिलो. आत फिल्म नाही, नुसती घरघर. पाटील मिशीला पीळ देत कॅमेऱ्यात बघतायत आणि बाया पाणी ओढतायत! हसू आवरता आवरेना. शेवटची घागर भरल्यावरच मी कॅमेरा थांबवला.

सुभद्राबाई म्हणून एक होती. तिनं लोटा पुढं केला. "घ्या बाबू, कवाचे उनात उभे हा." मी सगळ्यांदेखत प्यालो. पिताना बाबांचे स्टेशनवरचे शब्द आठवले, खोटं कशाला सांगू?

तिथून अमरावतीला गेलो. बातमी माझ्याआधीच पोचली होती. मी ओसरीवरच थांबलो. "बाबा, मी त्यांच्या हातचं पाणी प्यालो."

बाबांनी हातातली पोथी मिटली. आतून आईनं भीत भीत विचारलं, "त्याले आत घेऊ ना?"

"आत नाही त कुठं जाईन तो? पाट मांड," बाबा म्हणाले. मग माझ्याकडं न बघता, "गोड होतं का रे तिथलं पाणी?"

मला रडूच कोसळलं.

आज मुंबईत माझं बिऱ्हाड आहे, कामही भरपूर आहे. लोकांचे हक्क टिपत हिंडलो, त्याबद्दल शाबासकीही मिळाली. पण त्या वर्षी कितीतरी यजमानांनी बाबांना पूजेला बोलावणं बंद केलं, हे मला बाबा गेल्यावर आईकडून कळलं. ते स्वतः कधी बोलले नाहीत. माझ्या लोटाभर पाण्यापायी त्यांनी गाव दुखावलं आणि मला शेजारी बसवून जेवू घातलं. घर म्हटलं की मला तेवढंच जेवण आठवतं.