कापून टाकलेला शिक्का

“शिक्का कुठं हाय? आधी शिक्का दाखवा!” फॉरेस्ट गार्ड माझ्या चाकणच्या सुतारखान्यात उभा राहून ओरडत होता. आवाज असा, की तिकडे चऱ्होलीत म्हशींनी दावी तोडली असतील.

माझ्याकडे वनखात्याच्या डेपोच्या लिलावाची पावती होती, वाहतुकीचा पास होता. सागाचे दोन ओंडके, पिंपरीच्या कामगार चाळीतल्या चौकटींसाठी. पण सरकारी हातोड्याचा शिक्का उमटवतात ओंडक्याच्या तोंडावर, आणि आम्हा सुतारांची खोड अशी, की माल उतरला रे उतरला की त्याची तडकलेली तोंडं आधी कापायची. मी तर दात कोरायची काडीसुद्धा टोक छाटून घेतो. शिक्काही तसाच गेला.

“नुसता पास कुठल्याबी लाकडाला लावता येतो, राव,” म्हणत त्यानं ओंडके जप्त केले.

खेडच्या कोर्टात वकील म्हणाले, “गुन्हा कबूल करा. थोडक्यात सुटाल.”

“आणि साग?”

“सरकारजमा.”

“आणि माझं नाव?”

वकील चष्मा पुसायला लागले. लाकूडचोर सुताराकडून पाळणा कोण करून घेणार? मी कबूल केलं नाही. पुढं तारखांना इतक्या खेपा घातल्या, की कोर्टातला कडुनिंब मला बघून सावली सरकवायचा.

दरम्यान त्या कापलेल्या, शिक्क्याच्या चकत्यांसाठी मी अख्खा भुसा चाळला, माझे तुकडे जाळणाऱ्या चहावाल्याच्या भट्टीत डोकं घातलं, मिशी जाळून घेतली. शेवटी बायको म्हणाली, “मला विचारलंत का?” एकीवर तिनं पाण्याचा हंडा ठेवला होता, दुसरी पिठाच्या डब्यावर झाकण.

पुढच्या तारखेला दोन्ही चकत्या पोत्यात घालून नेल्या. जजसाहेब खुर्ची सोडून आवारात, जप्तीच्या ओंडक्यांपाशी आले. पिठाची चकती ओंडक्याला लावली, रेषेला रेष भिडली. हंड्याखालची पाण्यानं फुगलेली, तरी तडा तड्याला बरोबर जुळला. साहेबांनी गार्डला बोलावलं. तो गुडघ्यावर बसला, बोटानं शिक्का चाचपला, त्यातला नंबर पासवरच्या नंबराशी दोनदा ताडला आणि म्हणाला, “ह्योच माल, साहेब.”

ओंडके सुटले, मीही सुटलो. फाटकाशी छाती फुगवून मी गार्डला गाठलं. “काय भाऊ, मग चोर कोण?”

“चोर म्हणलोच न्हाई मी. शिक्का न्हाई म्हणलो.”