जवळिकीची प्रश्नावली

नवरा-बायकोच्या जिव्हाळ्यावर आमच्या मानसशास्त्राच्या सरांइतकं लिहिलेला आणि त्यातलं इतकं कमी उमगलेला माणूस अख्ख्या धाराशिव जिल्ह्यात दुसरा सापडणार नाही. उमरग्याच्या कॉलेजात मी मराठी शिकवतो, ते मानसशास्त्र. जवळच्या नात्यांवरचं त्यांचं पुस्तक मी नोकरीला लागलो तेव्हाही 'संपत आलेलं' होतं. पुस्तकाचा सगळा डोलारा त्यांच्या लांबलचक प्रश्नावलीवर उभा. माणूस भेटला की ख्यालीखुशालीच्या आधी ती पुढं येते. एकदा लग्नाच्या पंगतीत त्यांनी शेजारच्या अनोळखी गृहस्थाला विचारलं, "पत्नीपाशी मन मोकळं करता का? नेहमी, कधीकधी, की कधीच नाही?" त्या बिचाऱ्याचा बुंदीचा घास हातातच राहिला. सरासरी म्हणजे सरांचा जीव की प्राण. "एकटा माणूस फसवतो हो. सरासरी फसवत नाही," असं ते वर्गात, बसस्टँडवर आणि न्हाव्याच्या खुर्चीतही सांगत.

सुट्टीच्या दिवशी मला स्कूटरवर मागं बसवून ते गावोगाव हिंडत. अणदूरला ओट्यावर बसलेल्या एका म्हातारीला त्यांनी विचारलं, "आजी, आजोबा तुमच्याशी रोज किती वेळ बोलतात?"

"बोलायचं काय त्यात? ते खोकले की म्या पाणी देते."

"म्हणजे संवाद कमी," सर पुटपुटले.

"कमी कसा? लई खोकतेत की!"

शेजारी बसलेले आजोबा खोकता खोकता हसायला लागले. म्हातारीनं लगेच तांब्या पुढं केला. सर खाली मान घालून 'कधीच नाही'च्या चौकटीत खूण करत होते.

या प्रश्नावल्यांना पिना मारायचं काम घरी सरांच्या बायको, आमच्या वहिनी, करत. सर जेवतानाही कागद वाचत, आणि वहिनी वाढून झालं की समोर बसून पिना मारत. त्यांच्या घरी मी कितीदा तरी जेवलो, पण त्या दोघांत 'मीठ' आणि 'पुरे' यापलीकडचा शब्द मला आठवत नाही.

एक दिवस स्टाफरूममध्ये सरांनी भरून आलेल्या गठ्ठ्यातला एक कागद माझ्यासमोर धरला. नाव लिहायचं नसतंच. पहिल्या प्रश्नापासून शेवटच्यापर्यंत 'कधीच नाही'. खाली 'आणखी काही सांगायचंय का?' या ओळीपुढं लिहिलं होतं, 'विचारणाऱ्यालाच विचारा.'

"चेष्टा केलीय कुणीतरी," सर म्हणाले. "सगळीकडं एकच उत्तर म्हणजे माणूस कंटाळलेला. असले कागद मोजायचे नसतात." आणि त्यांनी तो बाद कागदांत टाकला.

ते अक्षर मी ओळखलं होतं. दर उन्हाळ्यात वहिनी आमच्याकडं लोणचं पाठवत, त्या बरणीवरच्या चिठ्ठीतलं ते अक्षर. तेव्हा बोलायला हवं होतं.

पुढं वहिनी लेकीच्या बाळंतपणाला पुण्याला गेल्या. नात तीन महिन्यांची झाली, सहा महिन्यांची झाली. "अंतरानं ओढ वाढते, असं माझी माहिती सांगते," खानावळीचा डबा उघडत सर मला सांगत. मग एका सकाळी ते कॉलेजात आले, ते उलटा शर्ट घालून. लेकीचा फोन आला होता. आई आता इथंच राहणार, म्हणाली.

"असं काय झालं हो? आमचं कधी भांडण नाही."

मला राहवलं नाही. बाद कागद उपसून मी तो त्यांच्या हातात दिला. सरांनी चष्मा लावून उभ्यानंच तो वाचला. मग पुन्हा वाचला.

"हे तिचं अक्षर?"

"व्हय सर."

"तुम्ही कसं ओळखलं?"

"लोणच्याच्या बरणीवर असतं."

"ती बरणीवर लिहिते?" एवढंच ते म्हणाले आणि खुर्ची असूनही पायरीवर जाऊन बसले.

पुस्तक तिथंच थांबलं. सरांनी पुण्याला जाऊन पाहिलं. वहिनींनी चहा दिला, नात मांडीवर दिली, पण परत यायचं नाव काढलं नाही. तेव्हापासून रोज पाचला कॉलेज सुटलं की ते मैदानाच्या कडेला उभं राहून त्यांना फोन लावतात. धीर यावा म्हणून मला शेजारी उभं करतात. विचारायचं काय, हे मात्र त्यांना सुचत नाही.

"जेवलीस का?" काल त्यांनी विचारलं.

"पाच वाजता?" वहिनी म्हणाल्या. थोडा वेळ पलीकडून बाळाचं हुंकारणं ऐकू आलं, मग फोन बंद झाला.

सर माझ्याकडं वळले. "हसली ना? हसली बहुतेक."

फोन स्पीकरवर होता. मी सगळं ऐकलं होतं.

"हो सर," मी म्हणालो, "हसल्या."